केएम म्हणजे काय, तो कसा मोजायचा आणि कुठे वापरायचा

केएम (Km) ही एक संहती आहे. एन्झाइम ज्या पदार्थावर काम करतं त्याला सबस्ट्रेट म्हणतात. सबस्ट्रेटच्या ज्या संहतीला एन्झाइमचा वेग कमाल वेगाच्या निम्मा असतो, ती संहती म्हणजे केएम. तो वेग नाही, टक्केवारी नाही, एन्झाइमच्या ‘ताकदी’चं मापही नाही. म्हणून त्याचं एकक मोलर, मिलिमोलर किंवा मायक्रोमोलर असतं आणि एककाशिवाय लिहिलेल्या केएमला काही अर्थ उरत नाही. या विषयात नव्याने येणाऱ्यांचा बराचसा गोंधळ एवढं पक्कं केल्याने मिटतो.

सूत्र

वेग = (व्हीमॅक्स × सबस्ट्रेटची संहती) ÷ (केएम + सबस्ट्रेटची संहती)

व्हीमॅक्स म्हणजे सबस्ट्रेट भरपूर असताना एन्झाइम जास्तीत जास्त ज्या वेगाकडे झुकतं तो वेग. सूत्रात सबस्ट्रेटच्या जागी केएम घालून पाहा, उत्तर व्हीमॅक्सच्या निम्मं येतं. पुढचे काही आकडे पाठच करावेत, कारण प्रयोग आखताना ते सतत लागतात. सबस्ट्रेट केएमच्या एक दशांश असेल तर वेग कमाल वेगाच्या ९ टक्के, केएमइतकं असेल तर ५० टक्के, तिप्पट असेल तर ७५, पाचपट असेल तर ८३ आणि दहापट असेल तर ९१ टक्के. दहापट सबस्ट्रेट ओतूनही एन्झाइम पूर्ण भरत नाही. वेग १० टक्क्यांवरून ९० टक्क्यांवर न्यायचा तर सबस्ट्रेट ८१ पट वाढवावं लागतं. आलेखावर वक्र सपाट झाल्यासारखा दिसला म्हणून तिथेच व्हीमॅक्स आला असं धरणारे जवळजवळ नेहमीच तो कमी धरतात, आणि त्याच्याबरोबर केएमही कमी धरतात.

हे समीकरण लिओनोर मिकेलिस आणि मॉड मेंटेन यांच्या नावाने ओळखलं जातं. बर्लिनमध्ये इन्व्हर्टेज या साखर फोडणाऱ्या एन्झाइमवर त्यांनी केलेलं काम १९१३ साली प्रसिद्ध झालं. त्यांच्या आधी व्हिक्टर हेन्री यांनी असंच समीकरण मांडलं होतं. मिकेलिस आणि मेंटेन यांनी मात्र पीएच बफरने बांधून ठेवला आणि अभिक्रियेचा फक्त सुरुवातीचा वेग मोजला. आजही केएम मोजताना सगळी मदार याच दोन गोष्टींवर असते.

‘केएम कमी म्हणजे पकड घट्ट’ हे कधी खरं असतं

पाठ्यपुस्तकांत हे वाक्य सरसकट येतं. ते नेहमी खरं नसतं. ब्रिग्ज आणि हॉल्डेन यांनी १९२५ मध्ये दिलेल्या मांडणीप्रमाणे केएममध्ये तीन वेगस्थिरांक गुंतलेले असतात: सबस्ट्रेट एन्झाइमला चिकटण्याचा, ते न बदलता सुटण्याचा आणि त्याचं उत्पादन होण्याचा. सुटण्याचा आणि उत्पादन होण्याचा असे दोन स्थिरांक मिळवून चिकटण्याच्या स्थिरांकाने भागले की केएम मिळतो. उत्पादन होण्याची पायरी सुटण्याच्या मानाने खूप मंद असेल तरच केएम हा पकडीचा म्हणजे विघटन स्थिरांकाचा (तो जितका लहान तितकी पकड घट्ट) जवळचा अंदाज ठरतो. उत्पादन झपाट्याने होत असेल तर पकड घट्ट असूनही केएम मोठा येतो. कार्बॉनिक अनहायड्रेजचा कार्बन डायऑक्साइडसाठीचा केएम सुमारे १२ मिलिमोलर, म्हणजे बराच मोठा. तरी त्याचा एक रेणू सेकंदाला सुमारे दहा लाख रेणू हाताळतो. केएम मोठा म्हणून एन्झाइम कमअस्सल, असं ठरवायला आधार नाही.

पकडीबद्दल खात्रीने बोलायचं असेल तर विघटन स्थिरांक वेगळ्या पद्धतीने मोजावा लागतो. तो मोजलेला नसेल तर ‘केएम इतका आहे’ एवढंच लिहावं.

शिवाय केएम हा एकट्या एन्झाइमचा गुण नाही. तो एन्झाइम, सबस्ट्रेट आणि परिस्थिती या तिघांचा मिळून असतो. सबस्ट्रेट बदललं की केएम बदलतो. पीएच, तापमान, क्षारांचं प्रमाण, धातूचे आयन किंवा बफरची जात बदलली तरीही बदलू शकतो. एन्झाइमचं प्रमाण दुप्पट केलं तर व्हीमॅक्स दुप्पट होतो, केएम जागचा हलत नाही. तो हलला तर प्रयोगात काहीतरी बिघडलं आहे असं समजावं.

मोजणीची तयारी

पुढची कृती अल्कलाइन फॉस्फेटेज (ईसी ३.१.३.१) आणि पॅरा-नायट्रोफिनाइल फॉस्फेट या जोडीसाठी दिली आहे. शिकायला ही जोडी फार चांगली. सबस्ट्रेट रंगहीन असतं आणि फॉस्फेट तुटला की पिवळं पॅरा-नायट्रोफिनॉल तयार होतं. ते ४०५ नॅनोमीटरला वाचता येतं, त्यामुळे वेग डोळ्यांसमोर दिसतो.

पिवळा रंग पॅरा-नायट्रोफिनॉलच्या आयनित रूपाचा असतो. त्याचा पीकेए सुमारे ७.१५ आहे. म्हणजे पीएच ७.१५ ला निम्माच पदार्थ पिवळा दिसतो आणि पीएच थोडा सरकला तरी रंग बदलतो. पीएच ९.८ ला जवळजवळ सगळाच आयनित असतो, म्हणून तिथे १ मिलिमोलर द्रावणाचा १ सेंटिमीटर मार्गातला ॲबसॉर्बन्स (द्रावणाने किती प्रकाश शोषला त्याचं माप) १८.५ धरता येतो. हीच पद्धत आम्ल फॉस्फेटेजला लावायची असेल तर अभिक्रिया सोडियम हायड्रॉक्साइड घालून थांबवावी आणि मग वाचावी.

साहित्य असं लागेल. १ मोलर डायइथॅनॉलअमाइन बफर, पीएच ९.८, त्यात ०.५ मिलिमोलर मॅग्नेशियम क्लोराइड. सबस्ट्रेटचा २० मिलिमोलर स्टॉक, पाण्यात. एन्झाइम, आणि ते पातळ करायला याच बफरमध्ये १ मिलिग्रॅम प्रति मिलिलिटर बोव्हाइन सीरम अल्ब्युमिन. क्युव्हेटच्या खान्याचं तापमान स्थिर ठेवणारा स्पेक्ट्रोफोटोमीटर. हातमोजे आणि चष्मा घालावा. डायइथॅनॉलअमाइन डोळ्यांना इजा करतं आणि पॅरा-नायट्रोफिनॉल विषारी आहे.

बफरचा पीएच ज्या तापमानाला प्रयोग करायचा त्याच तापमानाला जुळवावा. अमाइन बफरचा पीएच तापमान वाढलं की खाली येतो. थंड खोलीत ९.८ ला जुळवलेला बफर ३७ अंशांना ९.८ राहत नाही.

फॉस्फेट बफर इथे चालणार नाही, कारण अकार्बनी फॉस्फेट या एन्झाइमला स्पर्धात्मक रीतीने, म्हणजे सबस्ट्रेटचीच जागा अडवून, अडवतं. ईडीटीएही चालणार नाही, कारण एन्झाइमच्या सक्रिय जागेत जस्त असतं आणि ईडीटीए धातू ओढून घेतं. एन्झाइम कुठून तरी तयार मिळालं असेल तर ते कोणत्या द्रावणात साठवलं आहे हे बाटलीवर आधी वाचावं.

सबस्ट्रेटचा स्टॉक करताना लेबलवरचा रेणूभार पाहूनच वजन करा. हेक्झाहायड्रेट डायसोडियम क्षाराचा रेणूभार ३७१.१४, निर्जल क्षाराचा २६३.०५. हेक्झाहायड्रेटचे ७४.२ मिलिग्रॅम १० मिलिलिटर पाण्यात म्हणजे २० मिलिमोलर. चुकून निर्जल क्षाराचा रेणूभार धरला तर ५२.६ मिलिग्रॅमच तोलले जातील, खरी संहती १४.२ मिलिमोलर होईल आणि तुमचा केएम खऱ्याच्या १.४ पट येईल. आलेख निर्दोष दिसेल, उत्तर चुकीचं असेल. यावर सोपी तपासणी आहे: स्टॉक ४०० पट पातळ करून त्यात भरपूर एन्झाइम घाला, रंग वाढायचा पूर्ण थांबू द्या आणि ॲबसॉर्बन्स वाचा. ५० मायक्रोमोलरला तो सुमारे ०.९२ यायला हवा. ही तपासणी पाच-दहा मिनिटांची आहे आणि ती टाळू नये. स्टॉकच्या संहतीतली प्रत्येक चूक थेट केएममध्ये उतरते आणि पुढच्या कुठल्याही गणिताने ती निघत नाही.

स्टॉक बर्फात, अंधारात ठेवा आणि त्याच दिवशी वापरा. हे सबस्ट्रेट आपोआपही थोडं थोडं तुटतं. बाटलीतलं द्रावण आधीच पिवळसर असेल तर ते फेकून द्यावं.

पायरी १: केएमचा ढोबळ अंदाज

सबस्ट्रेटच्या तीन संहती घ्या, एकमेकींपासून दहापट अंतरावर: ०.०५, ०.५ आणि ५ मिलिमोलर. ०.५ वरून ५ वर जाताना वेग दुपटीच्या आसपास किंवा त्याहून कमी वाढला आणि ०.०५ वरून ०.५ वर जाताना पाचपटीच्या पुढे वाढला, तर केएम ०.५ च्या जवळपास आहे. ही पायरी गाळून थेट मुख्य प्रयोग केला तर बहुधा सगळे बिंदू वक्राच्या एकाच टोकाला पडतात. सगळे बिंदू केएमच्या खाली असतील तर आलेख जवळजवळ सरळ रेषा दिसते. त्यातून व्हीमॅक्स आणि केएम यांचं गुणोत्तर तेवढं कळतं, वेगवेगळे आकडे निघत नाहीत. सगळे बिंदू केएमच्या बरेच वर असतील तर व्हीमॅक्स मिळतो, केएम हाती लागत नाही.

पायरी २: एन्झाइमचं प्रमाण ठरवणं

कसोटी सर्वांत कमी सबस्ट्रेटच्या नळीत लागते. मोजणीच्या काळात त्या नळीतलं सबस्ट्रेट १० टक्क्यांहून जास्त खर्च होता कामा नये, ५ टक्क्यांच्या आसपास राहिलं तर उत्तम. आपली सर्वांत कमी संहती ०.१ मिलिमोलर असेल तर १० टक्के म्हणजे १० मायक्रोमोलर, म्हणजे ॲबसॉर्बन्समध्ये ०.१८५ ची वाढ. दोन मिनिटांत वाढ याच्या आत राहील इतकं एन्झाइम पातळ करा.

मग एन्झाइम निम्मं करून पुन्हा मोजा. वेग निम्मा झाला पाहिजे. निम्म्यापेक्षा बराच कमी झाला तर पातळ एन्झाइम प्लास्टिकच्या भिंतीला चिकटून वाया जातं आहे. अल्ब्युमिन घालायचं ते यासाठीच. निम्म्यापेक्षा जास्त राहिला तर आधीच्या मोजणीत एन्झाइम फार होतं आणि तुम्ही सुरुवातीचा वेग पकडलाच नव्हता.

पायरी ३: मुख्य मोजणी

केएम ०.५ मिलिमोलरच्या जवळपास निघाला असं धरू. मग संहती ०.१, ०.२, ०.४, ०.८, १.६ आणि ३.२ मिलिमोलर घ्याव्यात, म्हणजे केएमच्या पाचव्या हिश्शापासून सहापटीपर्यंत. एकूण आकारमान १ मिलिलिटर: बफर ८२० मायक्रोलिटर, सबस्ट्रेट आणि पाणी मिळून १६०, एन्झाइम २०.

०.४ ते ३.२ साठी २० मिलिमोलर स्टॉकमधून अनुक्रमे २०, ४०, ८० आणि १६० मायक्रोलिटर. खालच्या दोन संहतींसाठी त्याच स्टॉकमधून ५ आणि १० मायक्रोलिटर घेता येतील, पण इतक्या लहान आकारमानात पिपेटची चूक मोठी होते. त्याऐवजी स्टॉक दहापट पातळ करून २ मिलिमोलरचा करा आणि त्यातून ५० आणि १०० मायक्रोलिटर घ्या.

बफर, पाणी आणि सबस्ट्रेट क्युव्हेटमध्ये एकत्र करून खान्यात निदान पाच मिनिटं ३० अंशांना येऊ द्या. मग एन्झाइम घाला, क्युव्हेटचं तोंड पॅराफिल्मने झाकून दोनतीनदा उलटा करा आणि लगेच वाचायला सुरुवात करा. दर ५ सेकंदांनी एक वाचन, दोन मिनिटं. प्रत्येक संहती तीनदा. क्रम चढता ठेवू नका, मिसळून घ्या. सगळ्या कमी संहती सकाळी आणि सगळ्या जास्त संहती दुपारी मोजल्या तर मधल्या वेळात मेलेलं एन्झाइम तुमच्या केएममध्ये मिसळतं.

प्रत्येक संहतीचा वेगळा ब्लँक हवा: तेवढंच सबस्ट्रेट, एन्झाइमऐवजी अल्ब्युमिन असलेला बफर. सबस्ट्रेट जितकं जास्त तितकं आपोआप तुटणंही जास्त, म्हणून सगळ्यांना एकच ब्लँक लावला तर वरच्या संहतींचे वेग फुगतात.

पायरी ४: वेग काढणं

ॲबसॉर्बन्स आणि वेळ यांच्या आलेखाचा सुरुवातीचा सरळ भाग घ्या, त्याचा चढ काढा, ब्लँकचा चढ वजा करा आणि १८.५ ने भागा. मिनिटाला ०.०७४ चढ असेल तर वेग मिनिटाला ०.००४ मिलिमोलर, म्हणजे ४ मायक्रोमोलर. १ मिलिलिटरमध्ये हे मिनिटाला ४ नॅनोमोल होतात.

रेषा खाली वाकत असेल तर तीन शक्यता असतात: सबस्ट्रेट संपतंय, उत्पादन एन्झाइमला अडवतंय किंवा एन्झाइम मरतंय. पहिली टक्केवारीवरून कळते. तिसरी ओळखायला सेल्विन यांनी १९६५ मध्ये सुचवलेली कसोटी अजूनही सर्वांत सोयीची. एन्झाइमच्या दोनतीन वेगवेगळ्या प्रमाणांत मोजणी करा आणि आडव्या अक्षावर वेळ गुणिले एन्झाइमचं प्रमाण घ्या. सगळे वक्र एकमेकांवर बसले तर एन्झाइम टिकून आहे. वेगळे पडले तर ते मोजणीच्या काळातच निकामी होतं आहे. रेषा वर वाकत असेल तर आधी तापमान तपासा. फ्रिजमधून काढलेला बफर पूर्ण तापला नव्हता, हेच बहुतेक वेळा कारण निघतं.

पायरी ५: केएम काढणं

लाइनविव्हर आणि बर्क यांनी १९३४ मध्ये दिलेला दुहेरी व्यस्तांचा आलेख अजून बहुतेक अभ्यासक्रमांत आहे: आडव्या अक्षावर १ भागिले संहती, उभ्या अक्षावर १ भागिले वेग. वक्राची सरळ रेषा होते. निरोधकाचा, म्हणजे एन्झाइमला अडवणाऱ्या पदार्थाचा, प्रकार डोळ्यांना दाखवायला हा आलेख चांगला आहे, केएमचा आकडा काढायला मात्र वापरू नये. कारण गणितात आहे. मोजलेले वेग ३.३३ आणि १७.३ मायक्रोमोलर प्रति मिनिट असतील आणि दोन्हींत ०.३३ चीच चूक असेल, तर पहिल्याचा व्यस्त ०.३०० वरून ०.३३३ वर जातो, दुसऱ्याचा ०.०५७८ वरून ०.०५८९ वर. सारखीच चूक, पण खालच्या संहतीपाशी ती तीसपट फुगते. वर तोच बिंदू रेषेच्या टोकाला असल्यामुळे सगळी रेषा तोच ओढून नेतो. प्रयोगातली सर्वांत कच्ची मोजणी उत्तरावर सर्वांत जास्त हुकूम चालवते.

त्याऐवजी मूळ समीकरणच थेट जुळवावं. त्यासाठी महागडं सॉफ्टवेअर लागत नाही, सॉल्व्हर असलेली कुठलीही स्प्रेडशीट पुरते. पहिल्या स्तंभात संहती, दुसऱ्यात मोजलेला वेग. दोन वेगळ्या चौकटींत व्हीमॅक्स आणि केएमचे अंदाज लिहा. सर्वांत मोठ्या वेगाहून थोडा जास्त आकडा व्हीमॅक्ससाठी, आणि त्याच्या निम्मा वेग जिथे दिसतो ती संहती केएमसाठी. तिसऱ्या स्तंभात सूत्राने काढलेला वेग, चौथ्यात मोजलेल्या आणि काढलेल्या वेगांतल्या फरकाचा वर्ग. चौथ्या स्तंभाची बेरीज कमीत कमी होईल अशा रीतीने त्या दोन चौकटी बदलायला सॉल्व्हरला सांगा. अंदाज बदलून दोनतीनदा चालवा, दर वेळी एकच उत्तर आलं पाहिजे.

गणित पडताळून पाहायचं असेल तर व्हीमॅक्स २० आणि केएम ०.५ धरून वरच्या सहा संहतींना वेग ३.३, ५.७, ८.९, १२.३, १५.२ आणि १७.३ येतात. हे आकडे घालून स्प्रेडशीट चालवली तर तिने २० आणि ०.५ च्या अगदी जवळ पोचायला हवं.

उत्तर मिळाल्यावर उरलेले फरक संहतीपुढे मांडून पाहा. ते शून्याच्या वरखाली विखुरलेले असतील तर ठीक. खाली-वर-खाली अशी कमान दिसत असेल तर एन्झाइम हे साधं समीकरण पाळत नाही किंवा मोजणीत काही सरकलं आहे. असा आकृतिबंध दिसत असताना केएमचा आकडा कुणाला देऊ नये.

आलेखावरून न कळणारी एक चूक

सबस्ट्रेटमध्येच थोडं फॉस्फेट मिसळलेलं असेल तर? जितकं सबस्ट्रेट घालाल तितकंच त्या प्रमाणात निरोधकही जाईल. गणित केलं तर दिसतं की अशा वेळी केएम आणि व्हीमॅक्स दोन्ही एकाच प्रमाणात कमी येतात आणि वक्राचा आकार जराही बिघडत नाही. उरलेले फरक विखुरलेले, तिन्ही वाचनं जुळणारी, सगळं नीटनेटकं, आणि आकडा चुकीचा. जुळणी चांगली आली म्हणजे उत्तर बरोबर, हा समज इथे पूर्ण फसतो. दुसऱ्या बॅचचं किंवा दुसऱ्या उत्पादकाचं सबस्ट्रेट घेऊन मोजणी पुन्हा करणं हाच उपाय, आणि महत्त्वाच्या कामात तो करावाच.

त्याच जातीची दुसरी चूक म्हणजे आम्ल किंवा अल्क स्वरूपाचं सबस्ट्रेट उदासीन न करता वापरणं. जास्त संहतीच्या नळीत पीएच सरकतो, वेग पडतो आणि ‘जास्त सबस्ट्रेट एन्झाइमला अडवतं’ असा खोटा निष्कर्ष निघतो. सर्वांत जास्त संहतीच्या नळीचा पीएच एकदा तरी मोजून पाहावा.

आकडा लिहायचा कसा

केएम ०.५२ ± ०.०४ मिलिमोलर, ३० अंश सेल्सिअस, पीएच ९.८, डायइथॅनॉलअमाइन बफर, मॅग्नेशियमचं प्रमाण अमुक, एन्झाइम अमुक ऊतीतून. इतकं हवंच. ०.५२३७ असं लिहू नका. सहा बिंदूंतून चार अंक निघत नाहीत. बफरचं नाव तर इथे फारच महत्त्वाचं, कारण डायइथॅनॉलअमाइन नुसता पीएच धरून ठेवत नाही, तुटलेला फॉस्फेट गट स्वतःवर उचलूनही घेतो आणि त्यामुळे वेग वाढतो. वेगळ्या बफरमधला आकडा याच्याशेजारी ठेवून तुलना करणं चूक आहे.

ब्रेंडासारख्या एन्झाइमांच्या माहितीकोशात एकाच एन्झाइमसाठी आणि एकाच सबस्ट्रेटसाठी कितीतरी वेगवेगळे केएम सापडतात ते याच कारणाने. त्यातला मधला आकडा उचलू नये. प्रत्येक नोंदीपुढे जीव, पीएच आणि तापमान दिलेलं असतं. आपल्या परिस्थितीच्या सर्वांत जवळची नोंद निवडावी आणि तिचा मूळ लेख उघडून पाहावा.

केएम कामाला कुठे येतो

एन्झाइम किती आहे हे मोजायचं असेल, उदाहरणार्थ रक्तरसातलं, तर सबस्ट्रेट केएमच्या दहापट किंवा अधिक ठेवावं. मग सबस्ट्रेटमध्ये थोडा फरक पडला तरी वेग जवळजवळ तेवढाच राहतो आणि वाचन एन्झाइमच्या प्रमाणावर अवलंबून राहतं. उलट, एन्झाइम वापरून सबस्ट्रेट किती आहे हे वेगावरून मोजायचं असेल तर नमुन्यातलं सबस्ट्रेट केएमच्या बरंच खाली हवं, कारण वेग संहतीच्या सरळ प्रमाणात तिथेच असतो.

शरीरात एखादं एन्झाइम कशावर चालतं हे समजायला केएम आणि पेशीतली प्रत्यक्ष संहती शेजारी ठेवावी. हेक्झोकायनेज १ चा ग्लुकोजसाठीचा केएम ०.१ मिलिमोलरच्या आत आहे. उपाशीपोटी रक्तात ग्लुकोज सुमारे ५ मिलिमोलर असतं, म्हणजे ते एन्झाइम ९८ टक्के भरलेलं. ग्लुकोज १० झालं तरी त्याच्या वेगात फरक पडत नाही. यकृतातलं ग्लुकोकायनेज सुमारे ८ मिलिमोलरला निम्म्यावर येतं, त्यामुळे ग्लुकोज ५ वरून १० वर गेलं की त्याचा वेग दुपटीच्या जवळ वाढतो. जेवणानंतर यकृताने साखर उचलायची ती याच गुणामुळे.

दोन सबस्ट्रेटांपैकी एन्झाइमला कोणतं अधिक मानवतं हे नुसत्या केएमवरून ठरवू नये, केकॅट भागिले केएम काढावं. केकॅट म्हणजे व्हीमॅक्स भागिले सक्रिय जागांची संहती. वरच्या उदाहरणात व्हीमॅक्स मिनिटाला २० मायक्रोमोलर, म्हणजे सेकंदाला ०.३३३, सक्रिय जागा २ नॅनोमोलर असतील तर केकॅट सेकंदाला १६७. त्याला ०.०००५ मोलरने भागलं की सुमारे ३.३ लाख प्रति मोलर प्रति सेकंद. अल्कलाइन फॉस्फेटेज दोन सारख्या भागांचं बनलेलं असतं आणि प्रत्येक भागात एक सक्रिय जागा असते. रेणूंची संहती धरली की जागांची, हे लिहिलं नाही तर आकडा दुपटीने हुकतो. पाण्यात रेणू एकमेकांना भेटण्याचा वेगच मर्यादित असल्यामुळे हे गुणोत्तर १० कोटी ते १०० कोटींच्या पुढे सहसा जात नाही. तुमचं उत्तर त्याहून मोठं आलं तर एकक तपासा.

निरोधकांच्या कामात केएम सर्वांत जास्त लागतो. स्पर्धात्मक निरोधक असताना व्हीमॅक्स तसाच राहतो आणि दिसणारा केएम (१ + निरोधकाची संहती ÷ केआय) पट होतो. केआय म्हणजे निरोधकाचा विघटन स्थिरांक. अनकॉम्पिटिटिव्ह प्रकारात, म्हणजे निरोधक फक्त सबस्ट्रेट चिकटलेल्या एन्झाइमलाच चिकटतो तेव्हा, दोन्ही याच पटीने कमी होतात. स्पर्धात्मक निरोधकाचा आयसी ५० (वेग निम्म्यावर आणणारी निरोधकाची संहती) हा केआय × (१ + सबस्ट्रेट ÷ केएम) इतका असतो, हे चेंग आणि प्रुसॉफ यांनी १९७३ मध्ये दाखवलं. सबस्ट्रेट केएमइतकं ठेवलं तर आयसी ५० केआयच्या दुप्पट. दहापट ठेवलं तर अकरापट. म्हणून सबस्ट्रेटची संहती आणि केएम न सांगता दिलेले दोन आयसी ५० एकमेकांशी ताडून पाहता येत नाहीत. नवे निरोधक शोधताना सबस्ट्रेट केएमच्या आसपास ठेवायची पद्धत आहे, कारण तिथे वेगवेगळ्या प्रकारचे निरोधक सापडायची शक्यता टिकून राहते.

जिथे हा शब्द जपून वापरावा

वेग-संहतीचा आलेख इंग्रजी एस अक्षरासारखा वळत असेल तर केएम म्हणू नये. ग्लुकोकायनेजचं तसंच आहे, म्हणून वर ‘निम्म्यावर येतं’ असं लिहिलं. अशा एन्झाइमसाठी एस ०.५ हा शब्द वापरतात आणि त्याच्याबरोबर हिल गुणांकही (वक्र किती एससारखा वळतो हे सांगणारा आकडा) देतात.

दोन सबस्ट्रेट लागणाऱ्या एन्झाइममध्ये, जशी बहुतेक कायनेज आणि डिहायड्रोजनेज असतात, एकाचा केएम दुसऱ्याच्या संहतीवर अवलंबून असतो. दुसरं सबस्ट्रेट त्याच्या स्वतःच्या केएमच्या निदान दहापट ठेवून मोजावं आणि ते किती ठेवलं होतं हे सांगावं. ते शक्य नसेल तर आकड्याआधी ‘दिसणारा’ हा शब्द लावावा.

आणि एन्झाइमची संहती केएमच्या जवळपास पोचत असेल तर मुळातलं समीकरणच लागू होत नाही. आपण घातलेलं सबस्ट्रेट आणि मोकळं उरलेलं सबस्ट्रेट जवळजवळ सारखंच, हे त्यात गृहीत असतं. तेव्हा एन्झाइम केएमच्या शंभराव्या हिश्शाच्या खाली आणावं. तेवढं पातळ करून वेग वाचता येत नसेल तर अधिक संवेदनशील पद्धत शोधावी, उदाहरणार्थ प्रदीप्त (फ्लुओरेसंट) उत्पादन देणारं सबस्ट्रेट. मात्र सबस्ट्रेट बदललं की केएमही नवा, हे तिथेही लागू आहे.